विनाअनुदानित शाळेतून निवृत्त झालेल्या बाईंची अडकलेली ग्रॅच्युइटी : एक प्रकरण, तारखा आणि हिशोबासह

पुण्यात कोथरूड भागातली खाजगी, विनाअनुदानित सेमी-इंग्रजी शाळा. बाई 15 जून 1998 ला रुजू झाल्या आणि वयाची 58 वर्षं पूर्ण करून 31 मे 2023 ला निवृत्त झाल्या. निरोप समारंभ झाला, शाल-श्रीफळ झालं, भाषणं झाली. ग्रॅच्युइटीचा, म्हणजे सेवेच्या वर्षांप्रमाणे निवृत्तीवेळी मिळणाऱ्या एकरकमी पैशांचा, विषय मात्र कोणी काढेना. विचारलं की सचिव म्हणायचे, "बाई, तुमचं काम होणारच आहे, ट्रस्टींची मीटिंग होऊ द्या."

हे नमुना प्रकरण आहे. विनाअनुदानित शाळांच्या बाबतीत पुन्हापुन्हा दिसणाऱ्या अडचणी एका प्रकरणात आणल्या आहेत आणि हिशोब डोळ्यांसमोर राहावा म्हणून आकडे सोपे घेतले आहेत. कलमं, मुदती आणि व्याजाचा दर मात्र बाईंना लागू असलेल्या 1972 च्या ग्रॅच्युइटी कायद्यातले, जसेच्या तसे आहेत.

आधी आकडा ठरवा

बहुतेकजण "माझी ग्रॅच्युइटी द्या" असा अर्ज करतात आणि रक्कम संस्थेवर सोडतात. इथेच पहिलं नुकसान होतं. बाईंच्या मे 2023 च्या पगारपत्रकावर मूळ वेतन 38,000, महागाई भत्ता 14,000, घरभाडे भत्ता 6,000 आणि प्रवास भत्ता 1,200 रुपये होता. ग्रॅच्युइटी कायदा, 1972 प्रमाणे "वेतन" म्हणजे मूळ वेतन अधिक महागाई भत्ता. घरभाडे, बोनस, ओव्हरटाइम आणि इतर भत्ते त्यात येत नाहीत. म्हणजे धरायचे 52,000.

सेवा झाली 24 वर्षं, 11 महिने आणि काही दिवस. सहा महिन्यांपेक्षा जास्त उरलेला काळ पूर्ण वर्ष धरतात, म्हणून 25 वर्षं. मासिक पगारदाराचा 15 दिवसांचा पगार काढताना महिन्याला 26 ने भागायचं असं कायद्यातच लिहिलंय. 52,000 भागिले 26 म्हणजे रोजचे 2,000, पंधरा दिवसांचे 30,000, आणि 25 वर्षांचे 7,50,000 रुपये. कायद्यातली 20 लाखांची कमाल मर्यादा 29 मार्च 2018 पासूनची आहे, तिचा इथे प्रश्नच येत नाही.

संस्थेने 20 नोव्हेंबर 2023 च्या पत्राने देऊ केलेली रक्कम होती 2,47,000. त्यांनी फक्त मूळ वेतन धरलं, 26 ऐवजी 30 ने भागलं, आणि "शिक्षकांना कायदा 2009 च्या दुरुस्तीनंतर लागला" असं सांगून 2010 पासूनची 13 वर्षंच मोजली. 38,000 भागिले 30, गुणिले 15, गुणिले 13. तीन ठिकाणी कात्री लागली आणि साडेसात लाखांचे अडीच लाखही उरले नाहीत. तोंडी बोलणी चालू राहिली असती तर ही कात्री कुठे लागली तेही बाईंना कळलं नसतं. म्हणून पत्र येताच आधी त्यातला हिशोब उलगडून पाहावा, रागावण्यात वेळ घालवू नये.

शिक्षकांबद्दलचा मुद्दा नीट समजून घ्यायला हवा, कारण आजही अनेक संस्था तोच पुढे करतात. 2004 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अहमदाबादच्या प्राथमिक शिक्षकांच्या प्रकरणात म्हटलं होतं की या कायद्यातल्या "कर्मचारी" या व्याख्येत शिक्षक बसत नाहीत. संसदेने 2009 मध्ये व्याख्याच बदलली, आणि ती 3 एप्रिल 1997 पासून मागच्या तारखेने लागू केली. खाजगी शाळांच्या संघटनेने त्या दुरुस्तीला आव्हान दिलं. 29 ऑगस्ट 2022 ला सर्वोच्च न्यायालयाने दुरुस्ती वैध ठरवली आणि शाळांनी थकलेली ग्रॅच्युइटी व्याजासह सहा आठवड्यांत द्यावी असं सांगितलं. बाई निवृत्त होण्याच्या आठ-नऊ महिने आधीच हा वाद संपलेला होता.

अर्ज, आणि हातातून निसटलेले नव्वद दिवस

बाईंनी 15 जून 2023 ला नमुना "आय" मध्ये अर्ज दिला. हे त्यांनी उत्तम केलं. निवृत्तीपासून 30 दिवसांत अर्ज करायचा असतो, पण अर्ज आला नाही म्हणून संस्थेची जबाबदारी संपत नाही. कलम 7 (2) प्रमाणे अर्ज असो वा नसो, रक्कम ठरवून कर्मचाऱ्याला आणि नियंत्रक प्राधिकाऱ्याला (ग्रॅच्युइटीचे वाद ऐकणाऱ्या अधिकाऱ्याला) लेखी कळवणं हे मालकाचंच काम. पैसे 30 दिवसांत द्यायचे.

शाळेच्या कार्यालयाने आवक शिक्का द्यायला नकार दिला. "मॅडम, अध्यक्षांना विचारून सांगतो." अशा वेळी हुज्जत घालण्यात अर्थ नसतो. त्याच दिवशी अर्जाची प्रत पोचपावतीसह पोस्टाने संस्थेच्या नोंदणीकृत पत्त्यावर आणि मुख्याध्यापकांच्या नावे, अशी दोन्हीकडे पाठवायची. (रजिस्टर पोस्ट 1 सप्टेंबर 2025 पासून स्पीड पोस्टात विलीन झालंय, आता स्पीड पोस्टाने पाठवताना पोचपावतीची सेवा वेगळी मागून घ्यावी लागते.) पोस्टाची पावती, परत आलेली पोचपावती आणि पाकिटात घातलेल्या अर्जाची प्रत एकत्र टाचून ठेवायची. नुसती पावती असली की पाकिटात काय होतं यावर वाद घालतात.

अर्ज मिळाल्यापासून 15 दिवसांत संस्थेने एकतर नमुना "एल" मध्ये रक्कम आणि तारीख कळवायची, नाहीतर नमुना "एम" मध्ये कारण देऊन नकार द्यायचा. 30 जूनपर्यंत दोन्हीपैकी काही आलं नाही. काहीच न येणं हेही दाद मागायला पुरेसं कारण आहे, आणि त्या दिवसापासून नमुना "एन", म्हणजे नियंत्रक प्राधिकाऱ्याकडे दाद मागायचा अर्ज, दाखल करायला 90 दिवस मिळतात. म्हणजे 28 सप्टेंबर 2023 पर्यंत.

ते दिवस हेलपाट्यांत गेले. गणपती झाले की, नवरात्र झालं की, दिवाळीनंतर नक्की. पंचवीस वर्षं ज्या शाळेत काढली तिच्याविरुद्ध अर्ज करायला मन धजत नाही, आणि संस्थाचालकांना हे पक्कं ठाऊक असतं. नोव्हेंबरात पत्र आलं आणि त्यासोबत शंभराच्या स्टॅम्पपेपरवर मजकूर तयार होता: "मला संपूर्ण रक्कम मिळाली असून माझी संस्थेविरुद्ध कोणतीही तक्रार राहिलेली नाही." सही केली की चेक.

बाईंनी सही केली नाही. त्यावर प्रकरण तगलं. तसं पाहिलं तर कायद्यापेक्षा कमी रक्कम घेण्याचा करार ग्रॅच्युइटीचा हक्क संपवत नाही, कारण कलम 14 प्रमाणे या कायद्याविरुद्ध जाणारा करार टिकत नाही. पण सही झाली की पुढचे सहा-आठ महिने तो कागद खोडून काढण्यातच जातात. चेक घ्यायचाच असेल तर "रक्कम मान्य नाही, हक्क राखून निषेधासह स्वीकारली" असं स्वतःच्या हाताने लिहून त्याची प्रत ठेवावी.

नमुना "एन" दाखल झाला 12 फेब्रुवारी 2024 ला. 30 जूनपासून मोजलं तर साडेचार महिने उशीर. पण कमी रक्कम कळवणारं पत्र हेही दाद मागायचं स्वतंत्र कारण आहे, आणि 20 नोव्हेंबरपासून 90 दिवस 18 फेब्रुवारीला पुरे होत होते. त्यामुळे अर्जात मुख्य भर त्या पत्रावर दिला, आणि शिवाय उशीर माफ करण्याचा वेगळा अर्जही जोडला. दोन्ही करावंच. संस्थेचा वकील पहिला हल्ला मुदतीवरच करतो. पुरेसं कारण दाखवलं तर उशीर माफ करता येतो, आणि इथे कारण होतं सचिवांचे व्हॉट्सअ‍ॅपवरचे संदेश: "दिवाळीनंतर बघू", "पुढच्या आठवड्यात चेक काढतो". हे संदेश नुसते छापून चालत नाहीत. 1 जुलै 2024 पासून भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम 63 प्रमाणे, आणि त्याआधी जुन्या पुरावा कायद्याच्या 65 बी प्रमाणे, प्रमाणपत्र जोडावं लागतं. फोन बदलायच्या आधी पूर्ण चॅट काढून ठेवा. तुकडे तुकडे स्क्रीनशॉट घेतले की तारीखच दिसत नाही.

कुठे जायचं

महाराष्ट्रात राज्याच्या अखत्यारीतल्या आस्थापनांसाठी ग्रॅच्युइटीचं नियंत्रक प्राधिकरण म्हणजे कामगार न्यायालयाचे न्यायाधीश. अपील औद्योगिक न्यायालयात. एका राज्याबाहेर शाखा असलेल्या आस्थापनेसाठी मात्र "योग्य शासन" केंद्र ठरतं आणि अर्ज केंद्रीय कामगार आयुक्तांच्या यंत्रणेकडे जातो. संस्थेची एखादी शाळा गोव्यात किंवा बेळगावात असेल तर हा फरक महत्त्वाचा. चुकीच्या दारात दोन वर्षं काढल्यावर हा आक्षेप निघाला की सगळं पहिल्यापासून करावं लागतं. म्हणून अर्जाआधी धर्मादाय कार्यालयातून न्यासाच्या नोंदीचा उतारा काढला. त्यात मालमत्ता, शाखा आणि विश्वस्तांची नावं मिळतात. लेखापरीक्षित ताळेबंदही तिथेच दाखल असतो. बाईंच्या संस्थेच्या ताळेबंदात "ग्रॅच्युइटी तरतूद" अशी स्वतंत्र ओळ होती. पैसे नाहीत हा कायदेशीर बचाव नाहीच. पण स्वतःच दाखवलेली तरतूद समोर ठेवली की तो सूर पुन्हा निघत नाही.

दुसरीही दोन चुकीची दारं आहेत. खाजगी शाळा कर्मचारी कायदा, 1977 खालचं शाळा न्यायाधिकरण बडतर्फी, पदावनती, डावलणं अशा गोष्टी ऐकतं, ग्रॅच्युइटी नाही. आणि शिक्षक 21 नोव्हेंबर 2025 पर्यंत लागू असलेल्या औद्योगिक विवाद कायद्यातला "कामगार" नव्हता, हे सर्वोच्च न्यायालयाने सुंदरांबाळ प्रकरणात 1988 मध्ये ठरवलंय. त्यामुळे बाईंच्या शिल्लक रजेच्या पैशांसाठी त्या कायद्याखाली वसुलीचा अर्ज चालत नव्हता. दिवाणी दावा करावा लागतो, तोही तीन वर्षांत. त्याच शाळेतला शिपाई किंवा बसचालक असता तर गोष्ट वेगळी.

अखंड सेवेचा पुरावा

लेखी जबाबात संस्थेने नवा मुद्दा काढला. पहिली चार वर्षं बाईंना 11 महिन्यांचे आदेश होते, दर मे महिन्यात सेवा खंडित, म्हणून सेवा 2002 पासून.

कायद्याचं उत्तर सोपं आहे. कलम 2 ए प्रमाणे कर्मचाऱ्याचा दोष नसलेला खंड सेवा तोडत नाही. मेमध्ये शाळाच बंद असते आणि जूनमध्ये त्याच बाई त्याच वर्गावर येतात, हा खंड संस्थेच्या कागदावरचा. पण हे सिद्ध करायला 1998 ते 2002 चे कागद लागतात, आणि ते नेमके संस्थेच्या कपाटात असतात. सेवापुस्तक हजर करावं असा अर्ज दिला. संस्थेने "सापडत नाही" म्हटलं. कागद ताब्यात असून दडवला तर प्रतिकूल निष्कर्ष काढावा अशी मागणी करता येते, पण फक्त तिच्यावर विसंबणं धोक्याचं.

मग बाहेरचे कागद जमवले. पीएफच्या जुन्या वार्षिक स्लिपा, ज्यात 1998-99 पासून तोच खाते क्रमांक. फॉर्म 16. बँकेचं पासबुक. सगळ्यांत उपयोगी पडला तो दहावीच्या परीक्षेच्या कामासाठी शाळेनेच भरून दिलेला 2001 सालचा माहितीचा फॉर्म. त्यात "या शाळेतील अध्यापनाचा अनुभव" या रकान्यात निळ्या शाईत "3 वर्षे" आणि खाली मुख्याध्यापकांची सही, शाळेचा गोल शिक्का. उलटतपासात संस्थेच्या साक्षीदाराला शिक्का ओळखावा लागला. सेवा दरवर्षी तुटत होती तर अनुभव तीन वर्षांचा कसा, याला उत्तर नव्हतं.

असे कागद कोणाच्याही घरी असतात: परीक्षक म्हणून आलेलं नेमणूकपत्र, प्रशिक्षणाचं प्रमाणपत्र, निवडणूक किंवा जनगणनेच्या कामाचा आदेश. निवृत्तीच्या आवराआवरीत रद्दीत टाकू नयेत. शिक्षणाधिकाऱ्यांकडे शाळेने पाठवलेल्या कर्मचारी याद्या माहिती अधिकारात मागता येतात. संस्था स्वतः त्या कायद्याखाली येत नसली तरी शिक्षणाधिकारी येतात. अर्जाला 10 रुपये, उत्तराला 30 दिवस.

"ना-देय दाखला (शाळेचं काही देणं बाकी नसल्याचा कागद) नाही" ही संस्थेची सबब एका वाक्यात संपते. ग्रॅच्युइटी रोखायचा किंवा जप्त करायचा अधिकार कलम 4 (6) पुरता आहे, आणि तो गैरवर्तन किंवा नुकसान यावरून सेवा समाप्त केलेल्या माणसाबद्दल. नियत वयोमानाने निवृत्त झालेल्या बाईंना तो लागूच नाही. ग्रंथालयाची दोन पुस्तकं बाकी असतील तर संस्थेने ती जरूर मागावीत.

मान्य रक्कम आधी जमा करून घ्या

फार थोडे अर्जदार वापरतात अशी एक तरतूद आहे. रक्कमेवर वाद असेल तर मालकाला जी मान्य आहे तेवढी रक्कम त्याने नियंत्रक प्राधिकाऱ्याकडे जमा करायची असते, कलम 7 (4). संस्थेच्याच पत्रात 2,47,000 मान्य होते. तसा अर्ज दिल्यावर 31 ऑगस्ट 2024 ला तेवढे जमा झाले आणि बाईंना ते उचलायची परवानगी मिळाली. निवृत्तीनंतर पंधरा महिन्यांनी का होईना, घरात पैसे आले, आणि "तडजोड करून टाका" हा दबाव ओसरला. संस्थेला मात्र त्या दिवसापासून तेवढ्या रकमेवरचं व्याज थांबतं, हे हिशोबात धरावं लागतं.

आदेश झाला 14 जुलै 2025 ला: 25 वर्षं, 7,50,000 रुपये, व्याजासह. व्याज कलम 7 (3 ए) प्रमाणे, सरळ व्याजाने दर साल 10 टक्के; हा दर 1 ऑक्टोबर 1987 च्या अधिसूचनेचा. व्याज देणं-न देणं मर्जीवर नाही. कर्मचाऱ्याच्या चुकीने उशीर झाला असेल आणि मालकाने नियंत्रक प्राधिकाऱ्याची लेखी परवानगी घेतली असेल, तरच सुटका. सर्वोच्च न्यायालयाने गंगाहनुमे गौडा प्रकरणात, 2003 मध्ये, हे स्पष्ट केलंय. आणि व्याज तीस दिवसांची मुदत संपल्यापासून नव्हे, ग्रॅच्युइटी देय झाल्यापासून चालतं, म्हणजे इथे 1 जून 2023 पासून. अर्जात व्याज मागायचं राहिलं तर संस्था त्याचाच फायदा घ्यायला बघते. ते ठळक लिहावं.

30 सप्टेंबर 2025 ला उरलेले पैसे मिळाले, तेव्हाचा हिशोब असा: 2,47,000 वर 15 महिन्यांचं व्याज 30,875. उरलेल्या 5,03,000 वर 28 महिन्यांचं 1,17,367. मुद्दल आणि व्याज मिळून 8,98,242 रुपये.

आदेशानंतर लगेच पैसे आले नाहीत. संस्थेने "अपिलात जातो" म्हणून सांगितलं. अपिलाला 60 दिवस असतात, कारण दाखवलं तर आणखी 60. पण मालकाचं अपील ग्रॅच्युइटीची रक्कम जमा केल्याशिवाय दाखलच करून घेत नाहीत. ही अट माहीत नसली की निवृत्त माणूस "अपील" शब्दानेच खचतो आणि निम्म्यावर तडजोड करतो. बाईंनी तीस दिवस पाहिलं आणि नमुना "टी" मध्ये वसुलीचा अर्ज टाकला. त्यावर प्राधिकारी जिल्हाधिकाऱ्यांना वसुली प्रमाणपत्र देतात आणि रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी, चक्रवाढ व्याजासह वसूल होते. कारणे दाखवा नोटीस मिळाल्यावर संस्थेने चेक काढला.

चेक निघाला नसता तर प्रमाणपत्र तहसीलदारांच्या टेबलावर गेलं असतं, आणि खरा अडथळा तिथे असतो. तहसील कार्यालय संस्थेची मालमत्ता शोधत फिरत नाही. शाळेची फी ज्या बँकेत जमा होते ती शाखा, इमारतीचं मिळकतपत्रक, स्कूलबसचे क्रमांक, ही यादी वसुलीच्या अर्जालाच जोडलेली होती. नुसतं "संस्थेची मालमत्ता जप्त करावी" असं लिहिलेली प्रमाणपत्रं वर्षानुवर्षं पडून राहतात.

पीएफचं दार वेगळं

ग्रॅच्युइटीच्या अर्जात पीएफ घालू नये. कामगार न्यायालय तो विषय ऐकत नाही. बाईंचा पीएफ अडकला होता कारण संस्थेने पोर्टलवर सेवासमाप्तीची तारीखच भरली नव्हती. शेवटच्या वर्गणीनंतर दोन महिने उलटले की ही तारीख सदस्याला स्वतःच्या लॉगिनमधून भरता येते. मग फॉर्म 19 ने पीएफ, आणि 58 पूर्ण असल्यामुळे 10 डी ने पेन्शन. परिपूर्ण दावा 20 दिवसांत निकाली निघायला हवा. नाही निघाला तर ऑनलाइन तक्रार, आणि तरीही नाही तर गोळीबार मैदानाजवळच्या प्रादेशिक कार्यालयात लेखी. पासबुकात वर्गणीचे महिने गाळलेले दिसले तर पगारपत्रकांच्या प्रती जोडून पीएफ कायद्याच्या कलम 7 ए खाली चौकशी मागावी. पगारातून कापलेली वर्गणी भरली नसेल तर ती 12 टक्के व्याजासह संस्थेकडून वसूल होते.

21 नोव्हेंबर 2025 पासून सामाजिक सुरक्षा संहिता, 2020 लागू झाली आहे आणि 1972 चा कायदा तिच्यात सामावला गेलाय. बाईंसारख्या आधी निवृत्त झालेल्यांचा हक्क जुन्या कायद्याखालीच तपासला जातो. त्या तारखेनंतर निवृत्त होणाऱ्यांनी वेतनाची नवी व्याख्या पाहावी: वगळलेले भत्ते एकूण मोबदल्याच्या निम्म्याहून जास्त असतील तर वरचा भाग वेतनात धरला जातो. मूळ वेतन मुद्दाम कमी ठेवून भत्ते फुगवणाऱ्या शाळांमधल्या शिक्षकांची ग्रॅच्युइटी त्यामुळे वाढते, आणि मागणीचा आकडा त्याप्रमाणे काढायला हवा.